अंदाज परदेशात पोचत नाही

प्रति,
मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

चतुर्थी जवळ आली की वाचकांच्या पत्रांत एक सूर हमखास लागतो: परदेशी गेलेल्यांच्या मुलांना आपलं काही राहिलं नाही, आरती येत नाही, मराठी येत नाही, गाव नको झालं. सगळा ठपका तिकडच्या आईबापांवर. आम्ही काहीजण रत्नागिरी आणि सिंधुदुर्गात राहून अशा कुटुंबांची इकडची कामं बघतो. कोणाचा सातबारा, कोणाचा मसाला, कोणाच्या सुनेचा ओवसा (गौरीपुढे सुपं भरून वाहायचं व्रत), कोणाच्या म्हाताऱ्या आईचे फोन. तेवढ्या अनुभवावर सांगतो, निम्मा ठपका इकडच्या घरांचा आहे. तिकडून एकच प्रश्न येतो, ‘किती?’ आणि इकडून एकच उत्तर जातं, ‘अंदाजाने घाल.’ अंदाज हा शेजारी उभं राहून, हात बघून येतो. फोनवरून तो जात नाही. जातं ते माप.

मोदकाचंच घ्या. आपल्याकडे तांदूळ धुऊन, सावलीत वाळवून, गिरणीवरून ताजी पिठी येते. तिला वाटीला वाटी पाणी पुरतं. तिकडे पाकिटातली पिठी असते. ती बहुतेक कोरड्या तांदळाची, जराशी भरड आणि दळून कैक महिने झालेली. तिला वाटीला सव्वा वाटी पाणी लागतं. आईने सांगितलं ‘सारख्याला सारखं’, म्हणून सून तसंच करते, उकड कोरडी होते, पारी कडेला तडकते आणि मोदक वाफेत उकलतात. मग पुढच्या वर्षी साच्यातले पेढ्याचे मोदक येतात आणि आपण म्हणतो, हौस राहिली नाही!

तर माप असं. एक वाटी पिठी, सव्वा वाटी पाणी, चिमूट मीठ, चमचाभर तूप. पाण्याला खळखळून उकळी आली की पिठी एकदम ओतायची, उलथण्याच्या दांड्याने ढवळायची, झाकण ठेवून मंद आचेवर दोन-तीन मिनिटं वाफ. इथे तिकडच्या शेगडीचा घोळ होतो. विजेची तबकडी बंद केली तरी पाच-सात मिनिटं तापलेलीच असते. आपण ‘गॅस बंद कर’ सांगतो, ती बटण बंद करते, पातेलं तिथेच राहतं आणि उकड खाली करपते. म्हणून सांगायचं ते असं की पातेलं तबकडीवरून उचल. उकड हाताला सोसेल तेवढी गरम असतानाच मळायची, पाण्याचा हात लावून. गार झाल्यावर मळलेली पारी फाटणारच. चिकटपणा कमी वाटला तर थायी किंवा चिनी दुकानात चिकट तांदळाचं पीठ मिळतं, ते वाटीला एक मोठा चमचा. बासमतीच्या पिठीचा हट्ट नको, तिला धरबंद नाही. सारणाला दोन वाट्या खोबरं, एक वाटी गूळ. तिकडचं खोबरं गोठवलेलं, सुटताना पाणी सोडतं, तेव्हा आधी नुसतं परतून पाणी आटवायचं, मग गूळ. नाहीतर सारण पातळ राहून मोदकाचा तळ फुटतो. वाफ दहा ते बारा मिनिटं. हळदीचं पान मिळणार नाही. चाळणीत ओलं फडकं किंवा केळीचं गोठवलेलं पान घालायचं आणि त्या वासाचा नाद सोडायचा.

एवढं एका कागदावर, देवनागरीत, आजीच्या अक्षरात लिहून पाठवलं तर ते फ्रिजवर चिकटतं. आजीने लिहिताना एकदा वाटीत किती ग्रॅम मावतात तेही किराणा दुकानाच्या काट्यावर बघून लिहावं. आपली वाटी आणि त्यांचा कप यांत फरक असतो.

रांधपाचं, म्हणजे स्वयंपाकाचं, आणखी थोडं, कारण वस्तू इकडूनच जातात. मालवणी मसाल्यात खसखस असते. संयुक्त अरब अमिरातीत खसखस आणायला सक्त बंदी आहे, ती अमली पदार्थांत धरतात. मसाला दळलेला असला तरी आत काय आहे ते डब्यावर लिहिलेलं असतं, किंवा विचारलं जातं. दुबई-शारजाहला जाणाऱ्या मसाल्यात खसखस घालूच नये. किलोभर मिरचीच्या मसाल्यात तिची जागा भाजलेल्या सुक्या खोबऱ्याने भरून निघते, फक्त खोबऱ्यामुळे मसाला लवकर खवट होतो, तेव्हा तीन-चार महिन्यांपुरताच करावा. कांद्याचं वाटण करून पाठवू नका, त्यात ओल राहते. मिरच्या आणि खोबरं इकडे भाजून पाठवावं हे उत्तम. तिकडच्या सदनिकांत छताला धुराची घंटा असते, मिरची भाजली की ती बोंबलते आणि सगळी इमारत खाली येते.

आगळाची, म्हणजे कोकमाच्या खारट रसाची, बाटली काठोकाठ भरू नका. वर दोन बोटं जागा सोडून, बुचावर चिकटपट्टी, दोन पिशव्या, आणि मोठ्या बॅगेतच. हातातल्या पिशवीतली तपासणीत काढून घेतात. त्यापेक्षा आमसुलं बरी. दहा-बारा आमसुलं वाटीभर कोमट पाण्यात अर्धा तास, आणि डब्यातलं नारळाचं दूध दुप्पट पाण्याने पातळ करून. पाणी गरम घेतलं की सोलकढी फुटते. ताजे आंबे प्रवासी बॅगेतून अमेरिकेत नेता येत नाहीत. 2007 पासून तिथे भारतातला हापूस जातो तो विकिरण केलेला, निर्यातदारामार्फत. आंबापोळी, फणसपोळी चालते, पण घरच्या वर्तमानपत्रात गुंडाळलेली नको, नाव-घटक छापलेल्या बंद पाकिटातली हवी. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडला तर खाण्याची प्रत्येक वस्तू कागदावर जाहीर करायची. जाहीर केलेली वस्तू फार तर ठेवून घेतात. लपवलेली सापडली तर दंड. मुलगा विमानतळावर अडकला की पुढच्या खेपेला तो सुक्या बांगड्याला हातही लावत नाही, आणि मग ती चव त्याच्या घरातून जाते ती जातेच.

कोकणी मुसलमान घरांची गत वेगळी नाही. आखाताशिवाय इंग्लंड आणि दक्षिण आफ्रिकेतही त्यांची वस्ती जुनी. सांदणाला, म्हणजे तांदळाच्या वाफवलेल्या फुगीर वड्यांना, आंबवायला माडी (माडाची ताडी) मिळत नाही म्हणून सांदणं बंद पडली असं ऐकतो. अर्धा छोटा चमचा सुकं यीस्ट कोमट पाण्यात, चिमूट साखर घालून, दहा मिनिटांनी फेसाळलं की पिठात. थंड देशात पीठ फुगायला दुप्पट वेळ लागतो. ओव्हनमध्ये नुसता दिवा लावून भांडं आत ठेवावं.

आता गणपती. तिकडे मूर्ती घरी करायची टूम चांगली आहे, आणि मुलांना त्यात जेवढं सापडतं तेवढं तासभराच्या भाषणात सापडत नाही. पण इकडून शाडू बॅगेत घालून देऊ नका. बहुतेक देशांत माती आणायला मनाई आहे. शाडू असो की अंगणातली, अधिकाऱ्याला ती मातीच. तिकडे कुंभारकामाची नैसर्गिक माती मिळते, ती घ्यावी. आठ इंचांच्या मूर्तीला दोन किलो पुरते. उष्णतायंत्राच्या खोलीत हवा कोरडी असते, मूर्तीचा वरचा थर आधी सुकतो, आतला ओला राहतो, आणि मानेला नि सोंडेला भेग पडते. पहिले दोन दिवस वर पातळ प्लॅस्टिक सैल झाकायचं, मग उघडी, एकूण आठवडाभर, खिडकीच्या उन्हात नाही. सोंड पोटाला टेकलेली ठेवली तर मोडत नाही. रंग गेरू-हळदीचे किंवा पाण्यात विरघळणारे. विसर्जन बादलीत. नदी-तळ्यात टाकायला तिथल्या पालिकेची परवानगी लागते, बऱ्याच ठिकाणी मिळतच नाही. मूर्ती रात्रभरात बसते. गाळ कुंडीत ओतायचा, मोरीत नाही, नळ तुंबला की घरमालकाला काय सांगणार?

पेणहून मूर्ती मागवायची असेल तर लक्षात ठेवायचं की परदेशी जाणारा माल जहाजाने, सणाच्या काही महिने आधी निघतो. श्रावणात फोन करून उपयोग नाही.

माटवीचं, म्हणजे गणपतीवर टांगायच्या सजवलेल्या चौकटीचं, मात्र आम्हाला कौतुक वाटतं. इकडे कवंडळ, तवसं, सुपारीचं शिपटं, तेरडा, आंब्याचे टाळे. मूळ कल्पना काय, तर त्या महिन्यात रानात नि परसात जे पिकलं-फुललं ते देवाच्या डोक्यावर टांगायचं. मग कॅनडात मक्याची कणसं, सफरचंदं आणि मेपलची पानं टांगली तर बिघडलं कुठे? उलट प्लॅस्टिकची कवंडळं टांगणाऱ्यापेक्षा तो पोर माटवीच्या जवळ आहे. काहीजण याला नावं ठेवतात. ठेवोत.

आता तारखांचा घोळ, जो सगळ्यांत जास्त घरं मोडतो. ‘यंदा गणपतीक येवा’ असं आपण जुलैत म्हणतो. तिकडे विमानाची तिकिटं सहा-आठ महिने आधी काढली तर परवडतात, आणि मुलांच्या शाळेला सुट्टी असावी लागते. 2025 साली चतुर्थी 27 ऑगस्टला आली. 2026 मध्ये अधिक ज्येष्ठ, म्हणून ती 14 सप्टेंबरला. 2027 ला 4 सप्टेंबर, 2028 ला 23 ऑगस्ट. इंग्लंडच्या शाळा जुलैच्या शेवटापासून सप्टेंबरच्या सुरुवातीपर्यंत बंद असतात, म्हणजे तिथल्या मुलांना 2025 जमण्यासारखं होतं, 2028 जमेल, मधली दोन वर्षं कठीण. आखातातल्या भारतीय अभ्यासक्रमाच्या शाळांना जुलै-ऑगस्ट सुट्टी, त्यांचंही तेच. अमेरिकेत काही राज्यांत शाळा ऑगस्टच्या मध्यालाच उघडतात. ऑस्ट्रेलियाची मोठी सुट्टी डिसेंबर-जानेवारीत, त्यांना गणपती कधीच गाठायचा नाही. पण तेव्हा सिंधुदुर्गात जत्रा चालू असतात, रात्रभर दशावतार असतो. अशा मुलांना ‘गणपतीला येत नाही’ म्हणून टोचण्यापेक्षा दहिकाल्याला, म्हणजे या जत्रेला, बोलवावं. दहा वर्षांच्या पोराला रात्री पेटीच्या नि मृदंगाच्या गजरात दशावतारातला राक्षस संकासुर बघायला मिळाला तर तो आरतीपेक्षा कमी लक्षात राहील असं वाटत नाही.

आंगणेवाडीच्या भराडी देवीच्या यात्रेचं मात्र कोणाला आधी कबूल करू नये. ती तिथीवर नसते, देवीचा कौल मिळाल्यावर ठरते. तारीख जाहीर झाल्यावर परदेशातून तिकीट काढणं म्हणजे दुप्पट-तिप्पट पैसे.

ओवशाचीही अशीच फसगत. बऱ्याच गावांत नव्या सुनेचा पहिला ओवसा गौर पूर्वा नक्षत्रावर आली तरच होतो. लग्न झालं, पुढच्या भाद्रपदात जोडपं हौसेने तिकीट काढून आलं, आणि आल्यावर काकी सांगते, ‘अगो, यंदा पूर्वा नाय.’ हे पंचांगात आधीच छापलेलं असतं. पुढच्या वर्षाचं पंचांग बाजारात आलं की त्याच आठवड्यात बघून कळवायचं. त्याहून पुढचं हवं असेल तर गावच्या भटजींना विचारायचं, ते काढून देतात. सुपं किती, पानं किती, माहेरचं काय नि सासरचं काय, तेही लिहून. सुपं तिकडे मिळत नाहीत, आणि बांबूची वस्तू काही देश अडवतात.

गावात येण्याचा शेवटचा टप्पाही सांगून ठेवावा. कोकण रेल्वेचं आरक्षण नोव्हेंबर 2024 पासून 120 ऐवजी 60 दिवस आधी उघडतं आणि गणपतीच्या गाड्या काही मिनिटांत भरतात. विमान सहा महिने आधी काढलेलं, गाडीचं अजून उघडलंच नाही, अशा वेळी गावच्या माणसाने साठाव्या दिवशी सकाळी आठला बसून तिकीट काढायचं हे आधीच ठरलेलं असलं पाहिजे. सिंधुदुर्गवाल्यांना जानेवारी 2023 पासून गोव्यातल्या मोपाचा विमानतळ आहे. मुंबईहून रात्रभर खड्डे मोजत येण्यापेक्षा लहान मुलं घेऊन तिथे उतरणं शहाणपणाचं.

भाषेबद्दल. तिकडे शाळा आहेत. लंडनचं महाराष्ट्र मंडळ 1932 पासूनचं, उत्तर अमेरिकेत बृहन्महाराष्ट्र मंडळाच्या मराठी शाळा गावोगाव चालतात. शाळा आठवड्याला दीड-दोन तास, बाकी घर. घराचा धागा आजी-आजोबांचा फोन. तो फोन बहुधा असा चालतो: ‘कसो आसस?’ ‘फाइन.’ ‘जेवलंस?’ ‘हो.’ ‘मराठी बोल रे जरा.’ संपला. मुलाने तोंड उघडून ‘माझी पाय दुखते’ म्हटलं की इकडे चार माणसं हसतात. पुढच्या खेपेस तो इंग्रजीतच बोलतो, त्यात कोणी हसत नाही.

फोनला काम द्या. रविवारी आपल्या संध्याकाळी सातला उन्हाळ्यात लंडनला दुपारचे अडीच, न्यूयॉर्कला सकाळचे साडेनऊ, दुबईला साडेपाच वाजलेले असतात. सिडनीला मात्र मध्यरात्र होत आलेली, त्यांच्यासाठी आपली दुपारी बाराची वेळ. पंधरा मिनिटं पुरे. आजीने सांगायचं, नातवाने लिहायचं: आज भाकरीचं माप, पुढच्या रविवारी माशाच्या तिखल्याचं. पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड, अडीच हे शब्द धड्यात पाठ होत नाहीत, पिठाच्या डब्याशी उभं राहिलं की होतात. ‘एकोणसत्तर’ आणि ‘एकोणऐंशी’ यांत मोठमोठी गोंधळतात, तेव्हा सुरुवात विसाच्या आतल्या आकड्यांनी. ‘आम्ही’ नि ‘आपण’ हा फरक इंग्रजीत नाही, म्हणून मूल आजीलाच म्हणतं, ‘आम्ही जेवायला बसूया.’ चूक काढायची नाही, उत्तरात बरोबर रूप घालायचं: ‘हो, आपण बसूया.’ दहा-बारा वेळा कानावर पडलं की रुळतं. मुलगी बाबांकडून शिकली तर ‘मी जातो’ म्हणते, तिला आजीचा आवाज जास्त ऐकवा, काम झालं.

आजीने मालवणीतच बोलावं की प्रमाण मराठीत, असं विचारतात. मालवणीत. प्रमाण शाळा शिकवते. मूल दोन्ही वेगळी ठेवतं, त्याला तिसरी इंग्रजीही असतेच. गोंधळ होतो तो आजी पुस्तकी बोलायला गेली की, कारण मग ती मोजकंच बोलते. निरोप मात्र देवनागरीत पाठवा. रोमन अक्षरांत ‘kay kartos’ पद्धतीचे निरोप सगळेच पाठवतात, आणि मग मुलाला वाचता येत नाही म्हणून रडतात. मोबाइलवर देवनागरी कळफलक दोन मिनिटांत बसतो, न जमल्यास बोलून टंकता येतं.

वाचनाला आमची आवडती वस्तू म्हणजे जुनी लग्नपत्रिका. घराघरांत पितळी डब्यात पडलेल्या असतात. ‘आमचे येथे श्रीकृपेकरून’, मग ज्येष्ठ चिरंजीव, कनिष्ठ कन्या, मुक्काम-पोस्ट, तालुका, खाली आपले नम्र म्हणून काका-आत्यांची रांग. जोडाक्षरंही आली, नातीही आली, गावही आलं. फोटो काढून पाठवा आणि विचारा, यातला तुझा आजोबा शोध. तो शोधताना ‘आंटी’ या एका शब्दात कोंबलेल्या आत्या, मावशी, काकी, मामी पुन्हा सुट्ट्या होतात.

गाऱ्हाणं, म्हणजे घरासाठी देवाला मोठ्याने घालायची विनवणी, ध्वनिमुद्रित करून ठेवणं याच वर्षी करावं, पुढच्या नाही. गाऱ्हाणं घालणारे बहुतेक घरांत सत्तरीपुढचे. मोबाइल बोलणाऱ्यापासून हातभर अंतरावर, पंखा बंद, पाऊस पत्र्यावर नसताना. मग शब्द न शब्द लिहून काढायचा, कारण नुसत्या आवाजावरून तिकडच्या मुलाला कळत नाही की कुठे ‘व्हय म्हाराजा’ म्हणायचं. परदेशातल्या पोरांची नावं गाऱ्हाण्यात घेतात, ती त्यांना ऐकवा. दूर दुबईत बसलेल्या पोराने आपलं नाव देवापुढे ऐकलं आणि त्याने चौथ्या ओळीला न सांगता ‘व्हय म्हाराजा’ म्हटलं, असं होतं.

हातातलं काम टिकतं, हे आम्ही उगाच म्हणत नाही. 1834 पासून गिरमिटावर, म्हणजे मजुरीच्या करारावर, मजूर मॉरिशसला गेले, त्यांत कोकणातले मराठीही होते. आज तिथल्या मराठी घरांत बोलणं क्रिओलमध्ये चालतं. पण गणेश चतुर्थीला देशभर सरकारी सुट्टी असते, मूर्ती घरी होते, आणि रात्री झाकरी नाचतात, ती आपल्या कोकणातल्या जाखडी नाचाची बहीण. रायगड किनाऱ्यावरचे मराठी ज्यू, म्हणजे बेने इस्राएल, आपले पेणकर, चेऊलकर, किहीमकर, 1948 नंतर मोठ्या संख्येने इस्राएलला गेले. नातवंडं हिब्रू बोलतात. तरी शुभकार्याच्या आधी एलियाहू नबीच्या नावाने मलिद्याचं तबक लागतं: भिजवलेले पोहे, ओलं खोबरं, साखर, सुकामेवा, भोवती फळं. शब्द गळाले, तबक राहिलं, कारण तबकात काय नि किती हे प्रत्येक घरात ठरलेलं होतं.

शेवटी कागद, कारण वारसा म्हटलं की इकडे पहिला अर्थ तोच. आणि ‘बघू पुढे’ हा अंदाजाचाच भाऊ.

परदेशी नागरिकत्व घेतलं की भारतीय पारपत्र परत करावं लागतं, दोन नागरिकत्वं आपल्याकडे नाहीत. मग ओसीआय, म्हणजे परदेशी नागरिक झालेल्या मूळ भारतीयांना मिळणारं, कार्ड. ते असलेल्याला शेतजमीन, बाग किंवा शेतघर विकत घेता येत नाही, आणि बक्षीसपत्रानेही घेता येत नाही. वारसाने मात्र मिळते. ही मेख बऱ्याच बापांना ठाऊक नसते. आंब्याची बाग जिवंतपणी मुलाच्या नावावर करून मोकळं व्हावं म्हणून ते बक्षीसपत्र करायला निघतात. अशा मुलासाठी मृत्युपत्र करावं. पुढे त्याला ती विकायची झाली तर भारतात राहणाऱ्या भारतीय नागरिकालाच विकता येते. लहान मुलांच्या कार्डाचं आणखी एक: वीस वर्षांपर्यंत दर नव्या पारपत्रानंतर फोटो आणि पारपत्राची प्रत संकेतस्थळावर चढवायची असते, वीस उलटल्यावर कार्ड एकदा नवं काढायचं. मुलांची पारपत्रं पाच वर्षांनीच बदलतात, आणि हे नेमकं निघायच्या आठवड्यात आठवतं.

कुलमुखत्यारपत्र ‘सगळी कामं’ असं मोघम करू नका. गाव, तालुका, गट नंबर, हिस्सा, आणि कुठलं काम: वारस नोंद, मोजणी, घरपट्टी. तिकडे भारतीय वकिलातीत किंवा त्या देशाच्या पद्धतीने साक्षांकित झालं की मूळ प्रत कुरिअरने यावी, आणि महाराष्ट्रात पोचल्यापासून 3 महिन्यांच्या आत मुद्रांक शुल्क भरलं जावं. कुरिअरचं पाकीट फेकू नका, त्यावरची तारीख पुराव्याला लागते. आणि देणारा वारला की ते पत्र संपतं. वडिलांनी दिलेलं पत्र घेऊन वर्षभराने तलाठी कार्यालयात, म्हणजे आता ग्राम महसूल अधिकाऱ्याकडे, गेलेली माणसं आम्ही परत येताना पाहतो.

वारस नोंदीत परदेशातल्या मुलाचं, आणि मुलीचंही, नाव सोडू नये. ‘ती कुठे येणार आहे’ म्हणून वगळलेलं नाव वीस वर्षांनी फेरफार फिरवायला लावतं. नावाचं स्पेलिंग हा दुसरा काच: सातबाऱ्यावर ‘बाबल्या’, शाळेच्या दाखल्यावर ‘यशवंत’, पारपत्रावर वडिलांचं नावच नाही. एकच व्यक्ती असल्याचं प्रतिज्ञापत्र म्हातारं माणूस हयात असताना, त्याच्या सहीने करून घ्यावं. आखातात कोणी वारलं तर मृत्यूचा दाखला अरबीत येतो. तिथेच भाषांतर आणि साक्षांकन करून घ्यावं, इकडे आल्यावर ते काम दसपट लांबतं.

आखातातल्या कुटुंबांना वेगळं एक सांगणं. तिथे पिढ्या राहिलं तरी परतायचं असतंच, आणि मुलं बहुधा अकरावीला किंवा महाविद्यालयाला इकडे येतात. राज्याच्या जागांवरचा प्रवेश दहावी-बारावी कुठून केली आणि आईवडिलांचा अधिवास काय यावर ठरतो, अभ्यासक्रमागणिक नियम वेगळे. ते मूल आठवीत असतानाच वाचावेत. बारावीचा निकाल हातात घेऊन अधिवास दाखल्यासाठी धावणारा बाप दर जूनमध्ये दिसतो.

संपादक महाशय, आपल्याकडून एक काम व्हावं. दिवाळीच्या सुमारास परदेशातली घरं पुढच्या वर्षीची तिकिटं काढतात. त्या वेळी आपल्या दैनिकात पुढच्या तीन वर्षांच्या चतुर्थी, गौरी, शिमगा, नारळी पौर्णिमा आणि महाशिवरात्रीच्या इंग्रजी तारखा एका चौकटीत छापाव्यात, आणि त्यातच गौर कोणत्या वर्षी पूर्वा नक्षत्रावर आहे तेही. चौकट कापून फोटो पाठवता येईल एवढ्या ठळक अक्षरात असावी.

आपले,
परदेशस्थ कुटुंबांची गावाकडची कामं पाहणारे काही वाचक,
रत्नागिरी व सिंधुदुर्ग